‘मुळातूनच वाचा’ म्हणणाऱ्यांना उत्तर

अनुवादित साहित्याविषयी मराठी सुशिक्षितांमध्ये एक आक्षेप वर्षानुवर्षे ऐकू येतो, आणि अलीकडे तो अधिकच ठामपणे मांडला जातो. वाचायचे तर मुळातून वाचावे, हे त्याचे सार. अनुवादात मूळ लेखकाचा सांगाडा तेवढा हाती लागतो, रक्तमांस पलीकडेच राहते. त्यातही परदेशी साहित्य मराठीत येते ते बहुधा इंग्रजीच्या वाटेने. म्हणजे रशियन, जपानी किंवा स्पॅनिश पुस्तकाच्या नकलेची नक्कल वाचकाच्या पदरात पडते. ज्याला इंग्रजी येते त्याला अशा पुस्तकाची गरज नाही आणि ज्याला येत नाही त्याची फसवणूक होते. शिवाय अनुवादांच्या गर्दीत मराठीतले स्वतंत्र लेखन गुदमरते, अशी पुस्तीही जोडली जाते.

असे म्हणणारे पुस्तकांचे वैरी नाहीत. पुष्कळदा तेच सर्वांत जास्त वाचणारे असतात आणि भाषेच्या बारकाव्यांवर त्यांचे खरे प्रेम असते. म्हणून हा आक्षेप हसण्यावारी नेता येत नाही. त्याला पुराव्यानिशी उत्तर द्यायला हवे. कारण तो मान्य केला, तर साहित्याच्या आणि विचाराच्या इतिहासातले अर्धेअधिक प्रवास रद्दबातल ठरतात, आणि विसाव्या शतकातल्या महाराष्ट्राची एक सर्वांत मोठी घटनाही त्यांच्याबरोबर जाते.

ती घटना आधी पाहू. १९०७ साली भीमराव आंबेडकर मॅट्रिक झाले, तेव्हा मुंबईत त्यांच्या अभिनंदनाची सभा भरली. त्या सभेत कृष्णाजी अर्जुन केळुसकर या शिक्षकाने आपण लिहिलेले गौतम बुद्धाचे मराठी चरित्र त्या मुलाच्या हाती दिले. पुस्तक १८९८ साली निघालेले. ते काही मूळ पाली त्रिपिटक नव्हते. एका अभ्यासू माणसाने समजून घेऊन आपल्या वाचकांसाठी मराठीत मांडलेले ते चरित्र होते. आपण बुद्धाकडे वळलो ते या पुस्तकामुळे, असे आंबेडकरांनी पुढे स्वतः लिहून ठेवले आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात त्यांनी बौद्ध धम्माची जी दीक्षा घेतली, तिची पहिली पायरी अशी एका मराठी शिक्षकाच्या पुस्तकात सापडते. पुढे आंबेडकरांनी ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ लिहिला तो इंग्रजीत. तो त्यांच्या निधनानंतर १९५७ साली प्रसिद्ध झाला. महाराष्ट्रातल्या असंख्य घरांत हा ग्रंथ वाचला जातो तो त्याच्या मराठी अनुवादात. बुद्धवचन पालीतून इंग्रजीत आले आणि इंग्रजीतून मराठीत. आक्षेपकांच्या मापाने ही नकलेची नक्कल झाली. वर्षावासाच्या दिवसांत विहारात बसून हा ग्रंथ ऐकणाऱ्या बाईला ‘हे मुळातले नव्हे’ असे सांगण्याचा अधिकार नेमका कोणाला आहे?

खुद्द बुद्धाने तो अधिकार कोणाला दिला नव्हता. विनयपिटकात कथा आहे. ब्राह्मण कुळातून आलेल्या दोन भिक्षूंना वाटू लागले, की नाना ठिकाणचे भिक्षू आपापल्या बोलीत बुद्धवचन बोलून ते बिघडवतात. तेव्हा ते छंदस् मध्ये, म्हणजे वेदांच्या प्रतिष्ठित भाषेत, घालावे. बुद्धाने त्यांना दोष दिला आणि भिक्षूंनी ते आपापल्या भाषेत शिकावे अशी मुभा दिली. त्या वचनाचा बहुतेक अभ्यासक तरी असाच अर्थ लावतात. ‘बिघडते’ ही तक्रार तेव्हाही होती. तिला मिळालेले उत्तरही तेवढेच जुने आहे.

या मुभेचा परिणाम काय झाला ते अश्वघोषाच्या ‘बुद्धचरित’ या महाकाव्यात दिसते. मूळ काव्य २८ सर्गांचे. आज संस्कृतात त्याचा साधारण पूर्वार्धच उरला आहे, सुमारे १४ सर्गांपर्यंतचा. उरलेली कथा, बुद्धाच्या महापरिनिर्वाणापर्यंतची, जगाला मिळते ती पाचव्या शतकात झालेल्या चिनी अनुवादातून आणि नंतरच्या तिबेटी अनुवादातून. विसाव्या शतकात ई. एच. जॉन्स्टन यांनी हे काव्य इंग्रजीत आणले, तेव्हा संस्कृत संपते तिथून पुढे त्यांना तिबेटी आणि चिनी पाठांचाच आधार घ्यावा लागला. ‘मुळातूनच वाचा’ हा नियम इथे लावला तर बुद्ध अर्ध्या काव्यातच थांबतो. मूळ ज्या भूमीत लिहिले गेले तिथे ते टिकले नाही. परक्या भाषेत ज्यांनी ते मन लावून उतरवले, त्यांच्याकडे ते टिकले.

मराठी वाचकांनी धर्मानंद कोसंबी यांचे आयुष्य तर या वादात पुन्हा पुन्हा आठवावे. १८७६ साली गोव्यातल्या साखवाळ गावी जन्मलेला, जेमतेम शाळा शिकलेला, घरची माडांची बागायत सांभाळणारा हा तरुण. त्याला बुद्ध प्रथम भेटला तो ‘बालबोध’ या मुलांच्या मराठी मासिकातल्या छोट्याशा लेखात. मग त्याच्या हाती आले एक मराठी बुद्धचरित्र, एडविन आर्नल्डच्या ‘लाइट ऑफ एशिया’ या इंग्रजी काव्यावर आधारलेले. आर्नल्डने ते काव्य १८७९ साली रचले होते, आणि तेही पूर्वेकडच्या ग्रंथांविषयी युरोपात तोवर जमलेल्या सामग्रीवर उभे होते. म्हणजे साखवाळपर्यंत येईतो बुद्धकथेने किती हात बदलले असतील त्याची गणती नाही. इतक्या लांबून, इतक्या वळणांनी आलेल्या पुस्तकाने त्या तरुणाला घर सोडायला लावले. १८९९ साली तो निघाला, पुण्यात संस्कृत शिकला, काशीला राहिला, नेपाळात गेला आणि १९०२ साली श्रीलंकेत पोहोचून भिक्षू झाला. तिथे त्याने पाली आत्मसात केली. पुढे ‘विसुद्धिमग्ग’ या पाली ग्रंथाच्या संपादनासाठी हार्वर्ड विद्यापीठाने ज्यांना अमेरिकेत बोलावून घेतले, ते हेच धर्मानंद कोसंबी. फर्ग्युसन महाविद्यालयात पाली शिकवणारे आणि ‘भगवान बुद्ध’सारखा ग्रंथ मराठीला देणारेही तेच.

अनुवादावर समाधान मानणारा वाचक मुळाकडे कधी वळत नाही, असे आक्षेपक सांगतात. कोसंबींच्या बाबतीत नेमके उलटे घडले. मुळापर्यंत जाण्याची तहान त्यांना त्या तिसऱ्या-चौथ्या हातच्या पुस्तकानेच लावली. ‘आधी पाली शिक, मगच बुद्ध वाच’ असे साखवाळच्या त्या बागेत कोणी त्यांना बजावले असते, तर पाली शिकण्याचे कारणच त्यांना उरले नसते.

याच आर्नल्डचा हात आणखी एका आयुष्यात दिसतो. हा आर्नल्ड १८५० च्या दशकाच्या उत्तरार्धात पुण्यातल्या सरकारी महाविद्यालयाचा प्राचार्य होता. ते महाविद्यालय पुढे डेक्कन कॉलेज म्हणून नावारूपाला आले. १८८५ साली त्याने गीतेचा पद्य अनुवाद ‘द साँग सिलेस्टियल’ या नावाने प्रसिद्ध केला. चार-पाच वर्षांत लंडनमध्ये कायदा शिकणाऱ्या मोहनदास गांधींना दोन थिऑसॉफिस्ट भावांनी तो आपल्याबरोबर वाचायला बोलावले. गांधींना लाज वाटली, कारण गीता त्यांनी संस्कृतातही वाचली नव्हती आणि गुजरातीतही. ही लाज त्यांनी आत्मकथेत मोकळेपणाने सांगितली आहे. पण त्या लाजेपायी त्यांनी पुस्तक बाजूला ठेवले नाही. त्यांनी ते वाचले, मग आर्नल्डची बुद्धावरची कविताही वाचली, पुढे मूळ गीतेचे तेरा अध्याय पाठ केले आणि शेवटी स्वतः गीता गुजरातीत आणली. गीता आणि गांधी यांच्यामधला पहिला सेतू इंग्रजी होता, म्हणून त्या नात्याला कोणी उसने म्हणत नाही.

आता ‘इंग्रजीमार्गे’ या शब्दातल्या तिरस्काराकडे वळू. तो शब्द असा वापरला जातो, जणू मधल्या भाषेने प्रवास करणे हे मराठीच्या दारिद्र्याचे लक्षण आहे आणि श्रीमंत भाषा असे काही करत नाहीत. इतिहास वेगळे सांगतो.

पंचतंत्र घ्या. सहाव्या शतकात इराणचा राजा खुस्रो अनुशिर्वान याच्या काळात बुर्झोय नावाच्या वैद्याने ते भारतातून नेऊन पहलवी भाषेत उतरवले. आठव्या शतकात इब्न अल्-मुकफ्फाने पहलवीवरून अरबी ‘कलीला व दिम्ना’ सिद्ध केले. अरबीवरून ते हिब्रूत गेले, हिब्रूवरून तेराव्या शतकात कापुआच्या जॉनने लॅटिनमध्ये आणले, आणि तिथून ते जर्मन, स्पॅनिश, इटालियन असे पसरत गेले. १५७० साली टॉमस नॉर्थने इटालियनवरून ते इंग्रजीत आणले. १६७८ साली फ्रेंच कवी ला फोंतेनने आपल्या बोधकथांच्या दुसऱ्या संग्रहात, यातला मोठा भाग आपण पिल्पे नावाच्या भारतीय ऋषीकडून घेतला, अशी कृतज्ञ कबुली दिली. यातला बुर्झोयनंतरचा कोणताही टप्पा मुळातून नव्हता. या वाटेवर मुळातून काम केले ते एका बुर्झोयने, आणि त्याची पहलवी पोथीही हरवली. भारतातले मूळ पंचतंत्रही जसेच्या तसे उरलेले नाही. फ्रँकलिन एजर्टन यांनी १९२४ साली त्याची पुनर्रचना प्रसिद्ध केली, ती निरनिराळ्या वंशजपाठांची बारकाईने तुलना करून. आणि हरवलेल्या पहलवीचे जे अनुवाद उरले, ते या पुराव्यातले महत्त्वाचे साक्षीदार होते. ज्यांना नकला म्हणून हिणवायचे, त्यांच्याचकडे मुळाचा ठावठिकाणा विचारायला जावे लागले.

या वाटचालीत पुस्तक नुसते झिजत गेले असेही नाही. कपटी दिम्नावर खटला चालून त्याला शिक्षा होते हा अरबीतला भाग भारतीय पंचतंत्रात नाही. तो इब्न अल्-मुकफ्फाने घातला असे मानले जाते. कपट पचून जाते हे त्याच्या न्यायबुद्धीला सोसले नसावे. हे बरे झाले की वाईट यावर वाद घालावा, तो रंगेलही. पण ते झाले, आणि अरबी गद्याचा एक मानदंड त्यातून उभा राहिला.

टॉमस नॉर्थचे नाव वर आले. त्याने १५७९ साली प्लुटार्कची चरित्रे इंग्रजीत आणली. प्लुटार्कने लिहिले ग्रीकमध्ये. नॉर्थने अनुवाद केला जॅक आम्योच्या १५५९ सालच्या फ्रेंच अनुवादावरून. शेक्सपिअरने ‘ज्युलियस सीझर’, ‘अँटनी अँड क्लिओपात्रा’ आणि ‘कोरायलेनस’ ही नाटके रचली ती या पुस्तकाच्या आधाराने. क्लिओपात्राच्या नौकेचे जगप्रसिद्ध वर्णन नॉर्थच्या गद्याला इतके धरून आहे, की दोन्ही शेजारी ठेवली तर शेक्सपिअर कोणते शब्द उचलतो आणि कुठे हलकेच वळण देतो ते ओळीओळीत दिसते. ग्रीकवरून फ्रेंच, फ्रेंचवरून इंग्रजी, आणि तिथून इंग्रजी रंगभूमीची शिखरे. इंग्रजी भाषेला या वाटेची लाज वाटल्याचे ऐकिवात नाही. मराठीने मात्र ती वाटून घ्यावी, हा आग्रह कशासाठी?

चीनचे उदाहरण याहून टोकाचे आहे. लिन शू (१८५२–१९२४) याला एकही परकी भाषा येत नव्हती. भाषा जाणणारा सहकारी तोंडी सांगत जाई आणि लिन शू ते अभिजात चिनी गद्यात झरझर उतरवी. १८९९ साली त्याने द्युमाची ‘कॅमेलियावाली’ अशी चिनीत आणली; पुढे डिकन्स, स्कॉट असे दीडशेहून अधिक अनुवाद त्याच्या नावावर जमा झाले. चुका? भरपूर. पण लू शूनच्या पिढीला परदेशी कादंबरी प्रथम या माणसाने वाचायला दिली, आणि त्याच पिढीने आधुनिक चिनी साहित्य घडवले. लू शून स्वतः नंतर अनुवादाच्या काटेकोरपणाबद्दल अत्यंत कडक झाला, तरी गोगोलच्या ‘मृत आत्मे’चा अनुवाद करताना त्याच्यापुढे रशियन नव्हे, जर्मन पाठ होता.

‘ज्याला इंग्रजी येते त्याने इंग्रजीतच वाचावे’ हा मुद्दा इंग्रजी लेखकांपुरता समजण्यासारखा आहे. पण तो टॉलस्टॉय आणि मुराकामीलाही लावला जातो, आणि तिथे त्याचा पायाच ढासळतो. इंग्रजीतला टॉलस्टॉय हाही अनुवादच आहे. ज्या पिढीने रशियन कादंबरीवर जीव टाकला, तिने ती बहुतांशी कॉन्स्टन्स गार्नेटच्या हातून घेतली. या बाईंनी सुमारे ७० खंड इंग्रजीत आणले. हेमिंग्वेने पॅरिसमध्ये उमेदवारी करत असताना त्यांचे अनुवाद वाचून काढले आणि त्यांचे ऋण लिहून ठेवले. नाबोकोव्हने मात्र त्याच अनुवादांवर सडकून टीका केली. दोघांचेही खरे होते. पुढे हेमिंग्वेची ‘द ओल्ड मॅन अँड द सी’ पु. ल. देशपांड्यांनी ‘एका कोळियाने’ या नावाने मराठीत आणली.

मुराकामीच्या ‘वाइंड-अप बर्ड क्रॉनिकल’चा इंग्रजी अनुवाद अमेरिकी प्रकाशकाच्या आग्रहाने छाटून काढलेला आहे, अनुवादक जे रुबिन यांनी हे उघडपणे सांगितले आहे. ज्यूल व्हर्नच्या समुद्रकथेचे तर याहून वाईट हाल झाले. १८७० च्या दशकात लुई मर्सियेने केलेल्या इंग्रजी अनुवादात मजकुराचा मोठा हिस्सा गाळला गेला आणि शास्त्रीय तपशिलांत ढोबळ चुका शिरल्या. व्हर्न हा निव्वळ पोरांचा लेखक, अशी इंग्रजी जगाची समजूत होण्यात या अनुवादाचा वाटा मोठा होता. इंग्रजी आवृत्ती म्हणजे जवळजवळ मूळच, ही मराठी वाचकाची श्रद्धा अशी उघडी पडते. तीही एक प्रवासातली आवृत्ती आहे, तिलाही खाचखळगे आहेत. आणि भा. रा. भागवतांनी मराठीत आणलेला व्हर्न ज्यांनी शाळेत असताना रात्री जागून वाचला, त्यांना विज्ञानकथेची गोडी लागली ही गोष्ट त्या खाचखळग्यांमुळे खोटी होत नाही.

मूळ भाषेचा आग्रह काळाच्या अंगानेही तपासून पाहावा. हाल सातवाहनाची ‘गाथासप्तशती’ महाराष्ट्री प्राकृतातली. गोदाकाठच्या शेतांतली, विहिरींवरची, चोरट्या प्रेमाची ही कविता. मराठीचे पूर्वज शोधताना तिचे नाव आपण अभिमानाने घेतो, पण अनुवादाशिवाय ती वाचू शकेल असा मराठी वाचक आज हजारात एक निघणे अवघड. स. आ. जोगळेकरांनी १९५६ साली तिची विस्तृत मराठी आवृत्ती सिद्ध केली, म्हणून ती घरी आली. त्याआधी एकोणिसाव्या शतकात आल्ब्रेख्त वेबर या जर्मन पंडिताने तिचे संपादन करून ठेवले होते. आपल्याच मातीतले काव्य आपल्याला पुन्हा सापडले ते असे. आणि प्राकृत तरी दूरची झाली. ‘अमृतानुभव’ मराठीतच आहे, तरी विंदा करंदीकरांना तो आजच्या मराठीत नव्याने मांडावासा वाटला. ज्ञानेश्वरांनी १२९० साली नेवाशात केले तेही हेच नव्हे काय? सातशे श्लोकांची गीता त्यांनी नऊ हजारांच्या आसपास ओव्यांत उलगडली, कारण ती संस्कृत न येणाऱ्यांपर्यंत पोहोचावी ही त्यांची तळमळ होती. एकनाथांनी भागवताचा एकादश स्कंध मराठीत आणला तेव्हा काशीच्या पंडितांनी हरकत घेतली, असे परंपरा सांगते. हरकतीचा आशय आजच्यासारखाच: मूळ सोडून प्राकृतात कशाला? त्या पंडितांचे ऐकले असते तर वारकऱ्यांच्या हाती काय उरले असते, याचा विचार ‘मुळातूनच’ म्हणणाऱ्यांनी शांतपणे करावा.

अनुवादात काही हरवते हे मात्र खरे आहे, आणि ते नाकारण्याचे कारण नाही. सर्वांत जास्त हरवते ते कवितेत. मग कवितेचा अनुवाद करणाऱ्याने काय करावे? याचे मराठीतले सर्वांत प्रामाणिक उत्तर माधव जूलियन यांच्या कामात आहे. माधवराव पटवर्धन हे फारसीचे प्राध्यापक. १९२५ साली त्यांचा फारसी-मराठी कोश प्रसिद्ध झाला. उमर खय्याम मुळातून वाचण्याचा अधिकार त्यांच्याइतका त्या काळी फार थोड्यांना असेल. १९२९ साली त्यांनी रुबाया थेट फारसीवरून मराठीत आणल्या. इथे ते थांबले असते तर शुद्धतावादी खूश झाले असते. पण दोनच वर्षांनी त्यांनी ‘द्राक्षकन्या’ प्रसिद्ध केली, आणि ती होती एडवर्ड फिट्झजेराल्डच्या इंग्रजी रुबायांचा अनुवाद.

फिट्झजेराल्डने खय्यामशी किती मोकळीक घेतली होती हे माधव जूलियनांना कोणी शिकवायला नको होते. त्याने कडवी एकमेकांत मिसळली, आपल्या मनाने क्रम लावला, सुट्या सुट्या चतुष्पद्यांमधून पहाट ते रात्र असे एक सलग काव्य विणले. १८५९ साली निघालेल्या त्या छोट्या पुस्तकाला सुरुवातीला गिऱ्हाईक नव्हते. दुकानदाराने ते एका पेनीच्या पेटीत टाकले, तिथून ते रोझेटीच्या हाती गेले आणि मग इंग्रजी जग त्यावर लुब्ध झाले. माधव जूलियनांनी ओळखले, की हे दोन वेगळे कवी आहेत आणि मराठीला दोघेही हवेत. फारसी पंडिताने इंग्रजीमार्गे आलेल्या खय्यामलाही आदराने घरात घेतले. त्यांच्या निधनानंतर १९४० साली ‘मधुलहरी’ हा रुबायांचा आणखी एक अवतार निघाला. एकाच कवीला एका माणसाने तीनदा हात घातला, कारण प्रत्येक खेपेला आधीच्या वेळी निसटलेले काहीतरी त्यांना खुणावत होते. अनुवादात हरवते, म्हणून अनुवाद पुन्हा करायचा असतो. ‘मग करूच नका’ हा निष्कर्ष त्यातून निघत नाही.

अनुवादांमुळे स्वतंत्र लेखन दबते, या शेवटच्या पुस्तीला मराठी रंगभूमीने केव्हाच उत्तर दिले आहे. १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले. तो कालिदासाचा अनुवाद. त्यातून मराठी संगीत नाटकाला जे बळ मिळाले, त्यावर दोन वर्षांतच ‘सौभद्र’ उभे राहिले. गोविंद बल्लाळ देवलांनी ‘ऑथेल्लो’वरून ‘झुंझारराव’ केले, शूद्रकाचे ‘मृच्छकटिक’ मराठीत आणले. मोलिएरची कल्पना आर्थर मर्फीच्या इंग्रजी नाटकामार्गे घेऊन त्यांनीच ‘संशयकल्लोळ’ रचले, आणि त्यात एकही माणूस परका वाटत नाही. बाला-जरठ विवाहावर घाव घालणारे, पूर्णपणे स्वतंत्र असे ‘शारदा’ त्याच हाताने लिहिले. अनुवादाने तो हात दुबळा झाला की तयार झाला, हे ‘शारदा’ वाचून कोणीही ठरवावे. गझल, सुनीत, हायकू हे सारे प्रकार मराठीत आले तेही दुसऱ्या भाषांत डोकावणाऱ्या कवींमुळेच.

आणि हा नियम दुसऱ्या दिशेनेही लावून पाहावा. वि. स. खांडेकर तमिळ वाचकांना का. श्री. श्री. यांच्या अनुवादांतून इतके जवळचे झाले, की तिकडे त्यांचा स्वतंत्र वाचकवर्ग तयार झाला. दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८ साली आले आणि हिंदीत गेले. खूप उशिरा, २०१५ साली, जेरी पिंटोंनी ते इंग्रजीत आणले. मराठी दलित साहित्य अनुवादांतून इतर भाषांत पोहोचले आणि तिथल्या लेखकांनाही त्यातून बळ मिळाले. दिलीप चित्रे यांनी इंग्रजीत आणलेला तुकाराम जगभर वाचला गेला. या वाचकांनी आधी मराठी शिकायला हवी होती, असे कोणी मराठी माणूस म्हणेल का? मग आपण अख्माटोव्हा किंवा तानिझाकी मराठीत वाचला, तर त्यात कमीपणा कसला?

आक्षेपातली जी खरी तक्रार आहे ती वाचकाच्या माथी मारण्यात मोठा अन्याय होतो. मराठीत थेट भाषांतून अनुवाद कमी होतात, हे खरे. जिथे ते होतात तिथे काय घडते तेही दिसते: मामा वरेरकरांनी बंगालीतून आणलेला शरदबाबू आणि उमा कुलकर्णींनी कन्नडमधून आणलेले भैरप्पा मराठी वाचकांनी घरच्यासारखे मानले. साने गुरुजी तुरुंगात तमिळ शिकले आणि तिरुक्कुरल त्यांनी मराठीत आणले. शेजारच्या भाषा शिकाव्यात म्हणून आंतरभारतीची हाक त्यांनीच दिली. ती हाक आज किती विद्यापीठांनी ऐकली?

म्हणून मुळाचा आग्रह धरायचा तर तो प्रकाशकाकडे आणि संस्थांकडे धरावा. अनुवादकाचे नाव मुखपृष्ठावर हवे. अनुवाद कोणत्या भाषेवरून केला, मधली भाषा कोणती, मजकूर पूर्ण आहे की गाळलेला, हे आतल्या पानावर स्वच्छ छापलेले हवे. पुण्यात रानडे इन्स्टिट्यूटमध्ये जर्मन, फ्रेंच, रशियन, जपानी, स्पॅनिश शिकवले जाते. पुण्यातली जपानी शिकणारी मुले कंपन्यांची तांत्रिक कागदपत्रे भाषांतरित करून पोट भरतात, कारण त्या कामाला पैसे मिळतात. कादंबरीच्या कामालाही दोन वर्षे निश्चिंत राहता येईल इतका मोबदला मिळाला, तर त्यांच्यातले काहीजण तानिझाकी थेट मराठीत आणतील. हे काम सुरू होईपर्यंत, आणि सुरू झाल्यावरही, इंग्रजीमार्गे आलेले पुस्तक ज्याच्या हाती आहे त्याने ते पूर्ण वाचावे, आणि दुसऱ्या कोणी त्याच पुस्तकाचा नवा अनुवाद केला तर तोही मागून घ्यावा.